पहिल्या प्रतीचे बेट

पुढील मजकूर मी दोन दुपारी ऐकला: गेल्या वर्षाच्या शेवटच्या मंगळवारी तीन ते साडेपाच, आणि दुसऱ्या दिवशी दोनपासून दिवेलागणीपर्यंत. सांगणारी बाई त्या बेटावरची विहीर उपसते. वय, तिच्याच अंदाजाने, एकसष्ट. गेली चौतीस वर्षे ती विहिरीत उतरून गाळ काढते आहे, आणि बेट आपल्याशी विहिरीतूनच बोलते असे तिचे म्हणणे आहे. आम्ही तिच्या भावाच्या घरी, दोरखंड वळायच्या लांबट खोलीत बसलो होतो. भाऊ काम करत होता. मधूनच तो म्हणे, "हे असं नव्हतं," आणि ती म्हणे, "तू गप वळ."

बेटांची प्रतवारी हा माझ्या प्रबंधाचा विषय आहे. तिच्याकडे मी केवळ मोजणीच्या तारखा विचारायला गेलो होतो. तारखा तिने दिल्या. त्यानंतर तिने बेटाच्या वतीने बोलायला सुरुवात केली व मी तिला थांबवले नाही. वाक्यांची डागडुजी माझी आहे. घटना आणि त्यांचा क्रम तिचा.

*

मी एक बेट बोलतो आहे. मला जमिनीचा तुकडा समजू नका. मी जिवंत आहे. निदान हे सांगताना तरी आहे.

आम्ही बेटे श्वास घेतो. तो आत घेतला की माझी पाठ बोटभर वर येते, सोडला की बोटभर खाली जाते. चुलीवरचे पाणी उकळायला जेवढा वेळ लागतो, तेवढा माझा एक श्वास. बोलायचे तर तो सोडावा लागतो. तुमचेही तसेच आहे, म्हणून वेगळे समजावत नाही.

मी आईच्या डाव्या कुशीतून सुटलो. सुटलो तेव्हा एका टोपलीत मावेन एवढाच होतो. बेटाच्या पिलाला स्वतःचे अन्न ओढता येत नाही. आई श्वास सोडी तेव्हा पाण्याचा एक संथ लोट तिच्या मागे येई. त्यात शेवाळ असे, शिंपल्यांचा चुरा असे, कुजलेल्या पानांचा गाळ असे. तो खाऊन मी वाढलो. ज्याचा श्वास मोठा, तो पुढे. ज्याचा लहान, तो त्याच्या मागे, अशी आमची रांग होती. पुढे राहणे हा मान नव्हता, काम होते. पुढच्याला सर्वांत शेवटी खायला मिळे.

माझ्यावर पहिली झोपडी एका दोरवाल्याने बांधली. दोर वळायला लांब, सपाट जागा लागते आणि ती माझ्याकडे होती. मग विहीर झाली. मग अकरा घरांची गल्ली, एक पाववाला, एक शिंपी, एका खोलीची शाळा. मी माणसांना पायांवरून ओळखतो, चेहरे मला कधी दिसले नाहीत. माझ्या पाठीवरची माणसे माझ्या श्वासाबरोबर किंचित डुलत चालत. पाळणे त्यांनी आढ्याला नुसते टांगून ठेवले होते. दोरी कुणाला ओढावी लागत नसे. ते काम मी करत होतो, आणि सांगायला संकोच वाटतो, पण मला ते आवडत होते.

आमच्यात सर्वांत मोठे बेट म्हणजे माझे काका. माणसे त्यांना 'थोरले बेट' म्हणत. त्यांच्यावर दवाखाना होता, कचेरी होती, दुमजली घरे होती. काका वारले ते कुठल्याही माणसाच्या लक्षात आले नाही. बेट मेले म्हणून लगेच बुडत नाही. वाळलेल्या भोपळ्यासारखे तरंगत राहते. माणसांना एवढेच कळले की पायाखालची जमीन आता छान पक्की झाली आहे. डॉक्टर खूश झाले, गवंडी खूश झाले. सात वर्षांनी कचेरीतल्या कुणालातरी वाटले की सगळीच बेटे अशी का नसावीत, आणि मोजणी सुरू झाली.

मोजणी सोपी आहे. सूर्योदयाला चौकात टीपकागद पसरतात. त्यावर काठोकाठ भरलेली काचेची वाटी ठेवतात. दुपारी वाटी उचलून कागदावरचे डाग मोजतात. एकही डाग नसेल तर पहिली प्रत. दहापर्यंत दुसरी. त्यापुढे तिसरी.

पहिली वाटी काकांवर ठेवली. कागद कोरा निघाला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आम्ही बेटे गप्प राहिलो. सांगणार कोण, आणि कुणाला?

माझ्या कागदावर सव्वीस डाग पडले. आईच्या कागदावर डाग मोजताच आले नाहीत. तो लगदा झाला होता.

तिसऱ्या प्रतीच्या बेटावर पहिल्या प्रतीचा केर टाकतात. तिसऱ्या प्रतीच्या माणसांनी बेटांना जोडणाऱ्या तरंगत्या पुलावरून जाताना कठड्याच्या बाहेरच्या फळीवरून जायचे असते. पहिल्या प्रतीच्या बेटावर त्यांच्या हाती सुई, तराजू आणि काच द्यायची नसते, कारण त्यांचे हात थरथरतात असे ठरले आहे. ते चालण्यावरून लगेच ओळखू येतात. थोरल्या बेटाच्या बाजारात दोरवाल्याला भाजीवाला म्हणे, "काय डुलताय, घरी आहात का?" दोरवाला म्हणे, "तुमची जमीन लागली हो मला. बोट लागते तशी." सगळे हसत. हसून झाल्यावर दोरवाला बाहेरच्या फळीवरून घरी येई, आणि अंगणात रेघ मारून आपल्या मुलीला तिच्यावरून चालायला लावी. "पुन्हा. सरळ. नाक पुढे, खांदा स्थिर."

हे माणसांचे झाले. आमचे त्याहून वाईट झाले. माणसांनी आमची प्रत लावली, आणि आम्ही ती मानली.

पलीकडची मावशी, जिच्या मागे कधीकाळी पाच पिले पोसली जात, ती अर्धा अर्धा श्वास घेऊ लागली आणि सांगू लागली, "माझे चारच डाग." पहिल्या प्रतीची बेटे मोठ्या श्वासाच्या बेटांशेजारून जायला का कू करू लागली. काकांना सगळे वाट देत. मेलेल्या काकांना, हे लक्षात घ्या. ते लाटेने जिकडे ढकलले जात तिकडून आम्ही अदबीने बाजूला होत असू. एकदा, माझ्या चौकात मोजणीदार उभा असताना, आई शेजारून चालली होती. तिच्या श्वासाने माझी कड हलली. मी तिला म्हणालो, "आई, हळू घे ना श्वास. लोक बघताहेत."

ती थोडी मागे सरकली. पुढच्या भरतीला आणखी मागे. नंतर ती रांगेत नव्हती.

तोवर मलाही एक पिलू झाले होते. माझे धाकटे. ते दोनशे पावलांचे झाल्यावर त्यावर कोळ्यांची तीन घरे वसली. ते वाहून जाऊ नये म्हणून दोरवाल्याने स्वतः वळलेल्या जाड दोराने ते माझ्या मागच्या खडकाला बांधले होते. मी श्वास सोडला की धाकट्याला जेवण पोहोचे.

आता दोरवाल्याच्या मुलीविषयी. अंगणातल्या रेघेवरून चालून चालून ती मोठी झाली. दवाखान्याच्या धुणेघरात चादरी उकळण्याचे काम तिला मिळाले. तिथेच तिने परिचारिकेची प्रवेशपरीक्षा दिली आणि पास झाली. तीनदा अर्ज केला. वयाची अट तिशीची होती आणि तिला एकोणतिसावे संपत आले होते. तिसऱ्या अर्जाच्या वेळी मेट्रन जे बोलल्या ते तिने विहिरीवर आत्याला, म्हणजे विहीर उपसणारीला, सांगितले.

"म्हणाल्या, हुशार आहेस, नाही कोण म्हणतं. पण तुमच्या बेटाच्या हातात सुई कशी द्यायची?"

"तू हात दाखवायचास ना पुढे करून."

"दाखवला. पाण्याचा पेला धरून उभी राहिले, आत्या. एक थेंब सांडला नाही. त्या म्हणाल्या, तुझा नाही सांडला, तुझ्या बेटाचा सांडतो."

"मग आता?"

"यंदाच्या मोजणीत प्रत बदलली तर अर्ज घेतील. नाहीतर चादरी आहेतच."

ती गेल्यावर विहीर उपसणारी खाली उतरली. तळाजवळच्या पायरीवर बसली, बादली बाजूला ठेवली, आणि म्हणाली, "एवढं एकदा. सकाळपासून दुपारपर्यंत. श्वास धर. पोरीचं भलं होईल."

मी म्हणालो, "माझ्यामागे धाकटे आहे."

"अर्ध्या दिवसानं काय होतंय त्याला? दुपारी मीच येऊन सांगेन तुला, सोड म्हणून."

मी श्वास धरला. बेटाला ते जमते, पण सुखाने नाही. चौकात गल्ली जमली होती. कुणी खोकतही नव्हते. दुपारी मोजणीदाराने वाटी उचलली आणि कागद उन्हाकडे धरला.

"डाग नाही एकही. काय केलंत काय तुम्ही?"

"आम्ही काय करणार, साहेब," दोरवाला म्हणाला, "आम्ही सगळे श्वास धरून बसलो होतो."

सगळे हसले. मोजणीदारही हसला. मग त्याने चौकात एक दगडी चौथरा बसवायला सांगितले.

पाववाल्याने विचारले, "हा कशाला?"

"पहिली प्रत कायम, तर वाटीही कायम. तपासणी कधीही येईल."

"कायम म्हणजे कधीपर्यंत?"

"कायम म्हणजे कायम हो. थोरल्या बेटावर चाळीस वर्षं वाटी आहे. थेंब नाही."

दुपारी विहीर उपसणारी आली नाही. संध्याकाळी आली. पायरीवर बसली नाही, उभ्यानेच म्हणाली, "अजून थोडं."

मुलीचा अर्ज घेतला गेला. प्रशिक्षण दीड वर्षाचे होते. ती कठड्याच्या आतून पूल ओलांडून गेली. इकडे केराच्या होड्या माझ्याकडे यायच्या बंद झाल्या आणि शेजारच्या बेटाकडे वळल्या. गल्लीत फरशी बसली. पाळणे आता हलत नव्हते. आयांना दोऱ्या ओढाव्या लागत आणि मुले तरीही किरकिरत. माणसांचे चालणे दोन महिन्यांत सुधारले. शिंपी कोळणीला म्हणू लागला, "वहिनी, जरा बेतानं चाला. चौकात वाटी आहे."

वाटी भरायचे काम विहीर उपसणारीकडे आले. पाणी उडून कमी होते म्हणून रोज पहाटे ती घागर घेऊन चौथऱ्यापाशी येई. ती आली की मी एक श्वास घेई. दिवसाला एक. वाटीतले थोडे पाणी सांडे. ती वाटी उचलून घेई, चौथरा पुसे आणि वाटी पुन्हा भरून ठेवी. त्या एका श्वासावर मी जगलो. धाकटे जगू शकत नव्हते. त्याला दिवसाला वीस लागत होते.

आधी त्याच्या कडेची माती सुटली. मग गवत गेले. कोळी सांगायला आले की मागे पाणी साचून राहते, वास येतो, मासा येत नाही. ऐकून घेतले गेले. भूक लागली की पिलू आचके देते. धाकटे आचके देऊ लागले, आणि ते आचके दोरातून माझ्यापर्यंत, माझ्यातून चौकापर्यंत येऊ लागले. वाटीतले पाणी थरथरू लागले.

शाळेच्या खोलीत बैठक बसली. एवढी मिळालेली प्रत कुणाच्या हेलकाव्यापायी घालवायची, असा प्रश्न होता. कोळ्यांना इकडे घ्यावे असे एकजण म्हणाला. पण पहिल्या प्रतीवर तिसऱ्या प्रतीचे बिऱ्हाड घेता येत नाही, हा नियम त्याला वाचून दाखवला गेला. मग दोर तोडण्यावर हात वर झाले. सगळ्यांनी केले. विहीर उपसणारीनेही केला. मला पाय मोजता येतात, हात मोजता येत नाहीत. हे मला तिनेच सांगितले.

(येथे भावाने काम थांबवले व तो खोलीबाहेर गेला. तो परत येईपर्यंत आम्ही थांबलो. तो आला नाही, तेव्हा ती पुढे सांगू लागली.)

दोरवाला सकाळी कोयता घेऊन खडकावर आला. समोर धाकट्याच्या काठावर कोळीण उभी होती. दोघांत वीस हातांचे अंतर होते.

ती म्हणाली, "भावजी, निदान गाठ सोडा. कापू नका. दोर आमच्या कामी येईल."

त्याने कोयता खाली ठेवला आणि गाठ सोडायला बसला. ती बारा वर्षे भिजलेली गाठ होती, आणि त्याच्याच हातची. त्याची नखे तुटली. तो बराच वेळ बसला होता. कोळीण घाई करा असेही म्हणाली नाही. शेवटी त्याने कोयता उचलला.

धाकटे सुटल्यावर मी काय करायला हवे होते ते मला ठाऊक आहे. एक मोठा श्वास सोडायला हवा होता, म्हणजे ते निदान एका लोटाने भरल्या पोटी गेले असते. चौकात तपासणीवाला उभा होता. मी धरून राहिलो.

वाटीतले पाणी आरशासारखे स्थिर झाले. संध्याकाळी पाववाल्याने गल्लीत फुकट पाव वाटले.

प्रशिक्षण संपवून मुलगी घरी आली, तेव्हा पुलावरून सरळ, मोजकी पावले पडत होती. मला वाटले तपासणीवाली आहे. मी श्वास आणखी घट्ट धरला. ती विहिरीपाशी येऊन "आत्या" म्हणाली, तेव्हा मला कळले.

कोण आजारी, कोण बरे, असे थोडे बोलणे झाले. मग ती म्हणाली, "आम्हाला नाडी बघायला शिकवतात. एकदा तळघरात चादरी काढताना मी फरशीवर तळहात टेकवला. सहजच. पुन्हा दुसऱ्या दिवशी टेकवला. आठवडाभर टेकवत होते."

"मग?"

"ते बेट हलत नाही, कारण ते गेलेलं आहे, आत्या. कधीचंच."

"कुणाला बोललीस?"

"मेट्रनना."

"अगं बाई. काय म्हणाल्या?"

"म्हणाल्या, हळू बोल, पेशंट झोपलेत. मग दार लावून घेतलं आणि म्हणाल्या, आम्हाला माहीत आहे."

"माहीत असून?"

"त्या म्हणाल्या, वाटी तर सांडत नाही ना."

 मग मुलगी म्हणाली, "आपल्या बेटाला सांग ना, श्वास घे म्हणून. तुझं ऐकतं म्हणतेस."

"सांगते. आत्ता सांगते. आणि तुझी नोकरी?"

मी वाट पाहत होतो. हा एकच प्रश्न होता आणि तो मी नव्हता विचारला; तिच्या सख्ख्या आत्याने विचारला होता. ती "जाऊ दे नोकरी" म्हणाली असती, तर मी त्याच क्षणी, चौकात कोण आहे ते न पाहता, छाती भरून श्वास घेतला असता.

ती म्हणाली, "उद्या सकाळची पाळी आहे. निघते मी."

तिचा मला राग नाही असे मी म्हणणार नाही. आहे. पण आईला मागे सरकवणारा मीच होतो, त्यामुळे तो कुठे नेऊन ठेवावा ते मला कळत नाही.

आता माझी उजवी कड बधिर झाली आहे. तिथे कुणी चालले तरी मला कळत नाही. लोकांनी तिथे दुमजली घरे बांधायला घेतली आहेत. तिथली जमीन सगळ्यांत पक्की, असे गवंडी सांगतात. नवी लहान बेटे मला पाहून वाट देतात. परवा एक पिलू आपल्या आईला म्हणत होते, "आई, हळू." मी ऐकले. मी त्याला थांबवू शकलो असतो. बोलायला श्वास लागतो, आणि माझा त्या दिवशीचा एक घेऊन झाला होता.

तुम्हाला माझी कीव यावी म्हणून मी हे सांगितलेले नाही. तुमच्या पायाखाली जमीन हलली, तर तिच्यावर ओरडू नका, एवढेच. ती कुणालातरी भरवत असेल. आणि जिथे ती मुळीच हलत नाही, त्या जागेचे गुण गाण्याआधी एकदा वाकून तळहात टेकवा. मी हे रोज पहाटे थोडे थोडे सांगत आलो. आता पुरे करतो. सांगण्यात जो श्वास गेला, तो खरे तर धाकट्याचा होता.

*

येथे तिचे सांगणे संपले. जे पडताळता येण्यासारखे होते ते मी पडताळले. मोजणीची तारीख बरोबर आहे. कोरा टीपकागद कचेरीत शिक्क्यासह ठेवलेला आहे. बैठकीचा ठराव मी वाचला. त्यात धाकट्या बेटाविषयी 'स्वेच्छेने विलग' असे शब्द आहेत. ते पुढे कुठे गेले याची नोंद नाही. परिचारिकेची नेमणूक झालेली आहे. कामाच्या वेळेत बोलता येत नाही असे तिने मला कळवले. कामाची वेळ केव्हा संपते ते कळवले नाही. दोरवाल्याने बहिणीच्या सांगण्यात दोन तारखा दुरुस्त केल्या, गाठीविषयी एक शब्द काढला नाही.

मूळ प्रश्न मात्र राहतो. वाटी रोज थोडी सांडत असेल, तरच बेट श्वास घेत असेल. आणि श्वास घेत असेल, तरच ते बोलले असेल. नाहीतर जे मी ऐकले ते सर्व त्या बाईचे स्वतःचे आहे. म्हणून मी तीन दिवस पहाटे चौकात गेलो. तिन्ही वेळा ती माझ्या आधी पोहोचलेली होती, वाटी काठोकाठ भरलेली होती, आणि चौथरा कोरडा होता. पुसायचे फडके तिच्या मुठीत होते.

तिसऱ्या दिवशी मी म्हणालो, "बाई, ते फडकं जरा हातात द्याल का?"

"कशाला?"

"ओलं आहे का बघतो."

"तुम्ही लिहायचं काम करा," ती म्हणाली, आणि फडके कमरेला खोचून विहिरीकडे निघून गेली.

ते ओले होते की कोरडे, हे मला खात्रीने सांगता येत नाही.